केडगाव, नगर, जामखेड, मिरज : मिशनच्या वाटेने

शुक्रवार : केडगाव

माझ्या थोरल्या नणंदेची सगळी नोकरी सरकारी रुग्णालयांत परिचारिका म्हणून झाली. त्यांच्या सिस्टर ट्यूटर मिरजेच्या मिशन हॉस्पिटलात शिकलेल्या. "आमच्या सिस्टर मिरजेच्या होत्या, चादरीची घडी चुकली तरी परत घालायला लावायच्या," हे मी लग्न होऊन आल्यापासून ऐकत आलेय. वन्संना मिरज पाहायची होती आणि मला पंडिता रमाबाईंचं केडगाव. मधे नगर आणि जामखेड आपसूक येत होतं. संक्रांत झाली, तिळगूळ वाटून झाला आणि आम्ही दोघी निघालो.

प्रोटेस्टंट मिशनांनी महाराष्ट्रात शाळा काढल्या, दवाखाने काढले, हे आपण शाळेत एका ओळीत शिकतो. त्या ओळीत गोऱ्या साहेबांची आणि मडमांची नावं असतात. मला पाहायचं होतं की त्या दवाखान्यांच्या आणि अनाथाश्रमांच्या दारात जे आले, त्यांचं पुढे काय झालं.

पुण्याहून दौंडकडे जाणाऱ्या लोकलने केडगावला उतरलो. जानेवारीतली सकाळ, हवेत गारठा आणि जवळच्याच कुठल्यातरी गुऱ्हाळाचा गोड वास. रस्त्यावर उसाच्या ट्रॉल्यांची रांग. रमाबाईंच्या मुक्ती मिशनचं आवार स्टेशनच्या जवळच आहे. आत शिरल्यावर पहिल्यांदा डोळ्यांत भरतात ती झाडं आणि मग ते मोठं दगडी चर्च. आम्ही आधी फोन करून परवानगी घेतली होती. एक निवृत्त शिक्षिका आम्हाला सगळं दाखवायला आल्या. स्वतः इथेच वाढलेल्या. आम्ही नमस्कार केला, त्यांनी हसून "सलाम" म्हटलं.

रमाबाईंची गोष्ट मला ठाऊक होती, पण ती त्या आवारात उभं राहून ऐकताना तिची संगती वेगळी लागली. जन्म १८५८ चा. वडील अनंतशास्त्री डोंगरे यांनी बायकोला आणि मुलीला संस्कृत शिकवलं. पुढे दुष्काळात आईवडील उपासमारीने गेले, मग बहीण गेली. म्हणजे भूक काय असते हे या विदुषीला पुस्तकातून कळलेलं नव्हतं. १८८३ मध्ये इंग्लंडात वाँटेजच्या अँग्लिकन भगिनींकडे त्या राहिल्या. लंडनजवळ फुलहॅम इथे त्या भगिनी 'पतित' म्हणून टाकलेल्या स्त्रियांना सांभाळत, त्यांना माणसांत आणत. ते काम पाहून आपण हललो, असं रमाबाईंनी स्वतःच लिहून ठेवलंय. त्याच वर्षी त्यांनी बाप्तिस्मा घेतला. धर्मग्रंथावरच्या वादात कुणाला हार न जाणारी ही बाई, पण तिला त्या धर्माकडे ओढून नेण्यात सेवेचा वाटा मोठा होता. मला हे फार महत्त्वाचं वाटतं.

मार्च १८८९ मध्ये त्यांनी मुंबईत विधवांना आसरा आणि शिक्षण देणारं शारदासदन काढलं, पुढच्या वर्षी ते पुण्याला आणलं. पैसा अमेरिकेतून येत होता. तिथे बॉस्टनला त्यांच्या कामासाठी मंडळ स्थापन झालं होतं आणि सदनात धर्मशिक्षण द्यायचं नाही, अशी बोली होती. १८९३ मध्ये काही मुली ख्रिस्ती प्रार्थनेकडे वळल्याचा गवगवा झाला. 'केसरी'ने झोड उठवली. न्यायमूर्ती रानडे, डॉ. भांडारकर यांच्यासारखे हितचिंतकही सल्लागार मंडळातून बाहेर पडले. ही बाजू आमच्या शिक्षिकाबाईंनी लपवली नाही. "लोकांना फसवल्यासारखं वाटलं, आणि वाटणं साहजिक होतं," त्या म्हणाल्या. "पण मग दुष्काळ आला."

१८९६-९७ चा दुष्काळ. रमाबाई मध्य प्रांतात गेल्या आणि सुमारे ३०० मुली-बायका घेऊन आल्या. त्यातल्या कित्येकींना दलालांनी आधीच हेरलं होतं. केडगावला विकत घेतलेल्या माळरानावर त्यांना ठेवलं, विहिरी खणल्या. १९०० च्या दुष्काळात गुजरातकडच्या मुली आल्या आणि आवारातली संख्या दोन हजारांच्या घरात गेली. दोन हजार माणसांना दोन वेळचं जेवण, ते त्या काळात, त्या माळावर! वन्सं हिशेब करत बसल्या : ज्वारी किती, पाणी किती, हगवण लागली तर काय.

मला खिळवून ठेवलं ते छापखान्याच्या गोष्टीने. रमाबाईंनी हिब्रू आणि ग्रीकवरून बायबलचं मराठी भाषांतर केलं, आणि ते छापलं इथल्या बायकांनी. दुष्काळात उचलून आणलेल्या मुली खिळे जुळवायला शिकल्या, यंत्र चालवायला शिकल्या, मुद्रितं तपासायला शिकल्या. शिवाय माग, तेलघाणा, दुभती जनावरं, शेती. अंध मुलींना ब्रेल शिकवलं जाई. बाहेर टाकलेल्या स्त्रियांसाठी कृपासदन होतं. १९२१ मध्ये रमाबाईंची मुलगी मनोरमा गेली, ५ एप्रिल १९२२ ला रमाबाई स्वतः गेल्या, आणि बायबल छापून बाहेर पडलं १९२४ मध्ये. दोघी मायलेकी नसताना काम तडीला गेलं, ते इथे शिकून तयार झालेल्या बायकांमुळे.

शिक्षिकाबाईंना मी विचारलं, तुम्ही इथं कशा आलात? "मला कुणी सोडलं ते मला माहीत नाही," त्या सरळ म्हणाल्या. "पण माझ्या हाताखालून किती मुली शिकून गेल्या, ते मला माहीत आहे." मग त्यांनी चहा मागवला, सोबत शेंगदाण्याचे लाडू.

*जाणाऱ्यांसाठी :* आधी कळवल्याशिवाय जाऊ नका. हे मुलींचं आणि स्त्रियांचं राहतं घर आहे. मुलांचे फोटो काढू नका, काढून कुठे टाकू तर अजिबात नका. केडगाव नावाचा एक भाग नगर शहरालाही लागून आहे, तिथे रेणुकामातेचं प्रसिद्ध देऊळ आहे. रिक्षावाल्याला किंवा नकाशाच्या ॲपला नुसतं 'केडगाव' म्हटलं तर भलतीकडे जाल. हे दौंड तालुक्यातलं केडगाव. वेळ असेल तर नारायण महाराजांचं बेट पाहा, तिथलं दत्तमंदिर शांत आहे.

शनिवार : केडगाव ते नगर

दौंडला गाडी बदलून दुपारपर्यंत नगरला पोचलो. आता शहराचं नाव अहिल्यानगर, पण रिक्षावाल्यापासून लॉजवाल्यापर्यंत सगळ्यांच्या तोंडी नगरच.

या शहरात अमेरिकन मराठी मिशन १८३१ मध्ये आलं. संध्याकाळी आम्ही मिशनच्या जुन्या शाळांच्या रस्त्याने चालत गेलो. क्लेरा ब्रूस शाळेच्या भिंतीशी मुली सायकली लावून गप्पा मारत होत्या. या शहरातल्या मुलींच्या शिक्षणाचं मूळ शोधत गेलं की सिंथिया फेरार या नावाशी पोचतो. अमेरिकेहून १८२७ मध्ये त्या मुंबईला आल्या, १८३९ मध्ये नगरला आल्या आणि १८६२ मध्ये जाईपर्यंत मुलींना शिकवत राहिल्या. जोतीराव फुले नगरला त्यांच्या मुलींच्या शाळा पाहायला आले होते, आणि पुण्याला जाऊन १८४८ मध्ये त्यांनी शाळा काढली. सावित्रीबाईंनी अध्यापनाचे धडे फेरारबाईंच्या संस्थेत घेतले, असंही सांगितलं जातं. पुढचं सगळं फुले दांपत्याचं कर्तृत्व आहे, त्यात वाटेकरी नको. तरी नगरच्या त्या वर्गात काहीतरी पाहून जोतीरावांच्या मनाने घेतलं, एवढं म्हणायला हरकत नाही.

रात्री एका साध्या खाणावळीत हुलग्याची शेंगोळी आणि बाजरीची भाकरी खाल्ली. थंडीत शेंगोळीसारखं सुख नाही.

रविवार : नगर

सकाळी शहरातल्या एका जुन्या मराठी मंडळीच्या, म्हणजे चर्चच्या, उपासनेला गेलो. कुणी अडवलं नाही, उलट पहिल्याच बाकावर जागा करून दिली. पेटी, तबला, टाळ. नारायण वामन टिळकांचं भजन सुरू झालं आणि वन्सं माझ्याकडे पाहायला लागल्या. ओवी-अभंगाच्या वळणाची ती चाल कानाला इतकी ओळखीची होती! टिळक १८९५ मध्ये ख्रिस्ती झाले. त्यांचा आणि लक्ष्मीबाईंचा संसार बराच काळ या जिल्ह्यात झाला, आणि त्या ओढगस्तीच्या संसारातही परक्या पोरांना घर होतं.

उपासनेनंतर अर्पणाची थैली फिरली. मग पाळकांनी, म्हणजे तिथल्या धर्मगुरूंनी, घोषणा केल्या : अमुक घरातल्या आजींना डायलिसिससाठी मदत, दोन मुलांची वसतिगृहाची फी, एका घराचं छप्पर. मंडळीची मदतपेटी आहे, तिच्यातून हे चालतं. परदेशातून काही येतं का, असं मी नंतर विचारलं. पाळक म्हणाले, "ते दिवस गेले, ताई. आता जे आहे ते आमच्याच लोकांच्या दशमांशातून." इथल्या मिशनच्या मंडळ्या पुढे चर्च ऑफ नॉर्थ इंडियात आल्या. ते १९७० मध्ये नागपूरला स्थापन झालं, तेव्हापासून कारभार इथल्याच लोकांच्या हातात.

वन्संनी त्यांना तोंडावरच विचारलं, "तुम्ही लोक मदत करता ती धर्म बदलावा म्हणूनच ना? लोक असं म्हणतात." मी अवघडले. पाळक अवघडले नाहीत. त्यांचं म्हणणं असं : दुष्काळात पुष्कळ लोक अन्नासाठी आले हे खरंय. पण बहुतेक घराणी तेव्हाच्या महार आणि मांग समाजातली होती. त्यांना गावच्या विहिरीवर पाणी नव्हतं, शाळेत जागा नव्हती. जिथे पाणी आणि पाटी मिळाली तिकडे ते गेले, आणि याचं उत्तर गावानेही द्यायला हवं.

मला हे पटलं, पण पुरतं पटलं नाही. उपाशी माणसाला भाकरीबरोबर धर्मही पुढे करणं मला आजही बरोबर वाटत नाही. मात्र ज्यांनी ना भाकरी दिली ना विहीर उघडली, त्यांनी त्या माणसाच्या निवडीवर बोलू नये, असंही मला तितक्याच ठामपणे वाटतं. आणि एक गोष्ट अनेकांना ठाऊक नसते. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशापासून ख्रिस्ती झालेल्या दलितांना अनुसूचित जातीच्या सवलती मिळत नाहीत. धर्म बदलून लाभ होतो असं म्हणणाऱ्यांनी या घरांत एकदा येऊन पाहावं.

दुपारचं जेवण मंडळीतल्या एका कुटुंबाने आग्रहाने घातलं. मटण, भाकरी, कांदा, आणि वर नाताळच्या फराळातल्या डब्यात राहिलेल्या करंज्या. घरातल्या ऐंशी ओलांडलेल्या आजी ओट्याशेजारी खुर्चीवर बसून होत्या. त्यांची आजी १९०० च्या दुष्काळात मिशनच्या बोर्डिंगमध्ये आली. तिथेच शिकली, ट्रेनिंग घेतलं आणि खेड्यात मास्तरीणबाई झाली. आजी सांगत होत्या, "मिशननं आमच्या आजीला भाकरी दिली हे सगळे सांगतात बाई. तिनं जन्मभर पोरं शिकवली, रात्री बाळंतपणाला कंदील घेऊन गेली, ते कोण सांगतं?"

त्यांनी मग बायबल बायकांबद्दल सांगितलं. या बहुतेक इथल्याच विधवा, परित्यक्ता. मिशनच्या तुटपुंज्या पगारावर गावोगाव पायी जायच्या. धर्म सांगायच्या हे तर झालंच, पण त्याबरोबर अक्षरं शिकवायच्या, डोळे आलेल्या पोरांना औषध घालायच्या, कुणाला दवाखान्यात न्यायला नवऱ्याची समजूत काढायच्या. मिशनचे अहवाल परदेशी लोकांनी लिहिले, म्हणून नावं परदेश्यांची राहिली. चाललेले पाय या बायकांचे होते.

संध्याकाळी इव्हँजेलिन बूथ रुग्णालयावरून गेलो. हे साल्व्हेशन आर्मीचं, म्हणजे आपल्याकडे जिला मुक्तिफौज म्हणतात तिचं. ही फौज १८८२ मध्ये मुंबईत उतरली. करोनाच्या लाटेत इथे कोविडच्या रुग्णांवर उपचार झाले. आमचा रिक्षावाला म्हणाला, "माझा मेव्हणा इथनंच घरी आला." त्याने रिक्षा हळू केली आणि कपाळाला हात लावला.

सोमवार : जामखेड

नगर ते जामखेड पाऊणशे किलोमीटर, कडा-आष्टीवरून एसटी. दोन्ही बाजूंना शाळू डोलत होता. आष्टीच्या पुढे चहाला थांबलो तिथे शेजारच्या शेतात हुरडा भाजणं चाललं होतं. आम्ही दोघी पाहत उभ्या राहिलो तर एका आजोबांनी हातावर गरम हुरडा चोळून दिला, वर लसणाची चटणी. पैसे घेतले नाहीत.

जामखेडबद्दल जगभरातल्या सार्वजनिक आरोग्याच्या विद्यार्थ्यांना माहीत असतं आणि पुण्यातल्या सुशिक्षित माणसाला बहुधा नसतं, याचं मला नेहमी वाईट वाटतं. डॉ. रजनीकांत आरोळे नगर जिल्ह्यातले, डॉ. मेबल जबलपूरच्या. दोघं शिकले वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजात. १९६० मध्ये लग्न केलं तेव्हाच आयुष्य खेड्यातल्या गरिबांना द्यायचं असं दोघांनी ठरवलं. आधी काही वर्षं नेवासे तालुक्यातल्या वडाळ्याच्या मिशन रुग्णालयात काम केलं. तिथे त्यांना दिसलं की रात्रंदिवस राबून बरे केलेले लोक महिन्याभराने त्याच दुखण्याने परत येतात. पाणी घाण, पोटात अन्न नाही, बाळंतपण कोयत्यावर. रुग्णालय कितीही चांगलं चालवा, गावातला आजार गावातच राहतो. मग अमेरिकेत सार्वजनिक आरोग्याचं शिक्षण घेतलं आणि १९७० मध्ये जामखेडला येऊन खेड्यांच्या आरोग्याचा प्रकल्प सुरू केला. गावकऱ्यांनी जनावरांच्या जुन्या दवाखान्याची जागा दिली. जागतिक चर्च परिषदेच्या वैद्यकीय आयोगाने या कामाला पाठबळ दिलं.

मला या इतिहासात एक वळण दिसतं. शंभर-सव्वाशे वर्षं मिशनांनी रुग्णालयं बांधली. मग त्याच परंपरेत वाढलेल्या दोन डॉक्टरांनी विचारलं, की रुग्णालयाच्या भिंतीबाहेर काय? आणि उत्तर शोधलं ते गावातल्या निरक्षर बायकांमध्ये.

*राहण्याबद्दल :* प्रशिक्षणाला येणाऱ्यांची सोय प्रकल्पाच्या केंद्रात असते, पण ती आधी ठरवावी लागते. आम्ही गावातल्या साध्या लॉजवर राहिलो. जानेवारीत रात्री कडाक्याची थंडी असते, पांघरूण सोबत ठेवा.

मंगळवार : जामखेड आणि जवळचं एक गाव

सकाळी एका गावात गेलो. तिथे प्रकल्पाच्या एक जुन्या आरोग्य कार्यकर्ती भेटल्या. सत्तरीच्या असतील. नऊवारी, कपाळावर मोठं कुंकू, गळ्यात तुळशीची माळ, म्हणजे धर्माचा प्रश्न इथे सुटलेलाच होता. प्रकल्पाने कुणाला धर्म विचारला नाही, आणि कार्यकर्ती गावाने निवडायची, डॉक्टरांनी नव्हे, असा इथला नियम.

वन्सं आणि त्या कार्यकर्ती पाचच मिनिटांत माझ्या अस्तित्वाचा विसर पडून बोलायला लागल्या. "आडवं मूल असलं तर कसं ओळखायच्या?" वन्संचा प्रश्न. बाईंनी हवेत हात फिरवून दाखवलं : डोकं इथं लागतं, कुल्ले इथं, आणि अशी बाई घरी बाळंत करायची नाही, गाडी करून धाडायची. वन्संनी मान डोलावली. "आम्हाला हे शिकायला तीन वर्षं लागली," त्या मला म्हणाल्या.

बाई सांगत होत्या, सुरुवातीला गावात बाई पोटुशी राहिली की तिला कमी खाऊ घालत. मूल मोठं झालं तर बाळंतपण अडेल ही भीती. त्यांनी आधी स्वतःच्या सुनेला पोटभर खाऊ घातलं आणि नातू धडधाकट झालेला गावाला दाखवला. मग बाकीच्या सासवांनी ऐकलं. हगवण लागलेल्या पोराला पाणी तोडायचे, ते थांबवून मीठ-साखरेचं पाणी पाजायला लावलं. पोरांना तागडीत घालून वजनं केली. कुष्ठरोगाचा चट्टा ओळखायला शिकल्या. दर आठवड्याला जामखेडला जाऊन शिकायचं आणि परत येऊन करायचं. "पहिल्यांदा गेले तवा माझं नाव विचारलं तर मला सांगायला येईना. सगळी अमक्याची बायकू, तमक्याची सून म्हणायची."

प्रकल्पातल्या गावांत १९७० च्या सुमारास हजार जिवंत जन्मांमागे १७६ अर्भकं दगावत होती. नव्वदचं दशक संपताना हा आकडा २६ वर आला होता. त्यात पाणी, शेती, बचत गट, तरुणांची मंडळं सगळ्यांचा वाटा आहे, पण पाळण्याशी बसलेली होती ती ही बाई.

हातपंपांची गोष्टही ऐकली. १९७२ च्या दुष्काळाच्या सुमाराला कूपनलिका खोदायच्या होत्या, तेव्हा पाण्याची जागा दलित वस्तीत निघेल असं पाहिलं गेलं. मग सगळ्या गावाला पाण्यासाठी तिकडे जावं लागलं. रविवारी नगरचे पाळक विहिरीबद्दल बोलले होते, ते मला आठवत राहिलं. इथे कुणाला धर्म बदलावा लागला नाही, गावानेच पाऊल उचललं.

इथल्या एक कार्यकर्ती मुक्ताबाई पोळ १९८८ मध्ये वॉशिंग्टनला परिषदेत बोलल्या होत्या. सभागृहातल्या झुंबरांकडे बोट दाखवून त्या म्हणाल्या, डॉक्टर या झुंबरासारखे, देखणे पण महाग आणि दूर. मग त्यांनी छोटे दिवे काढले आणि एकावरून दुसरा लावून दाखवला, आपण अशा आहोत म्हणून. आरोळे दांपत्याला १९७९ मध्ये मॅगसेसे पुरस्कार मिळाला. जामखेडचा अनुभव जागतिक आरोग्य संघटनेच्या प्रकाशनात आला, आणि १९७८ च्या अल्मा-आटा परिषदेत प्राथमिक आरोग्याचा जो विचार मांडला गेला त्यामागच्या मोजक्या उदाहरणांत जामखेड होतं. २००५ नंतर आपल्या गावोगावी आशाताई आल्या. त्या आशाताईंच्या मानधनाचे मोर्चे मी बातम्यांत पाहते तेव्हा वाटतं, कल्पना घेतली, तिच्यामागचा मान मात्र पुरता घेतला नाही.

मेबल १९९९ मध्ये गेल्या, रजनीकांत २०११ मध्ये. निघताना कार्यकर्ती बाईंनी ओटी भरली, मूठभर शेंगा आणि तिळाची वडी हातावर ठेवली. वन्संनी त्यांना वाकून नमस्कार केला. सरकारी रुग्णालयात मेट्रन म्हणून दरारा असलेल्या माझ्या नणंदेला मी असं सहसा पाहिलेलं नाही.

बुधवार : खर्डा, बार्शी, कुर्डुवाडी

प्रवासाचा दिवस. खर्ड्याचा किल्ला एसटीतूनच पाहिला, १७९५ ची निजामाविरुद्धची लढाई इथली. बार्शीला ज्वारीची भाकरी आणि शेंगदाण्याची आमटी. कुर्डुवाडीहून पंढरपूरमार्गे मिरजेची गाडी. ही वाट पूर्वी बार्शी लाइट रेल्वेची, छोट्या रुळांची. १९२७ मध्ये ती मिरजेपर्यंत पोचली आणि पंढरपूर-सांगोल्याकडच्या रुग्णांना मिशन हॉस्पिटलला यायला सोपं झालं. गाडीत पंढरपूरला चढलेल्या माळकऱ्यांनी आम्हाला बसायला जागा दिली आणि पुढे कवठेमहांकाळपर्यंत हरिपाठ ऐकवला.

गुरुवार : मिरज

विल्यम वानलेस कॅनडातले, अमेरिकन प्रेस्बिटेरियन मिशनचे डॉक्टर. १८८९ मध्ये भारतात आले. मिरजेच्या पटवर्धन संस्थानिकांनी जागा दिली आणि १८९४ मध्ये रुग्णालय सुरू झालं. मोतीबिंदू आणि मुतखड्याच्या शस्त्रक्रियांसाठी त्यांचं नाव दूरवर पसरलं. राजर्षी शाहू महाराजांशी त्यांचा स्नेह होता. मिरज हे रेल्वेचं जंक्शन, त्यामुळे कर्नाटकातून, गोव्याकडून, कोकणातून माणसं गाडीत घालून आणत. सांगली-मिरजेच्या मधल्या वानलेसवाडीचं नाव त्यांच्यावरूनच, तिथे क्षयरोग्यांसाठी आरोग्यधाम होतं. कुष्ठरोग्यांसाठी रिचर्डसन रुग्णालय निघालं.

पण वानलेस यांचं सर्वांत दूरदृष्टीचं काम मला १८९७ मधलं वाटतं. त्यांनी इथे वैद्यकीय शाळा काढली. इथल्या पोरांना डॉक्टर केलं, पुढे मुलींना परिचारिका केलं. आज मिरजेत गल्लोगल्ली रुग्णालयं आहेत, सरकारी वैद्यकीय महाविद्यालय आहे, शहराची ओळखच वैद्यकीची आहे. एका रुग्णालयाने शहर असं घडत नाही, शिकून बाहेर पडलेल्या माणसांनी ते घडवलं.

जुन्या इमारतींच्या सावलीत वन्सं बराच वेळ फिरल्या. मिशन कंपाऊंडजवळ एका निवृत्त परिचारिकेच्या घरी बसलो. दोघींची भाषा एकच, बेडशीटच्या कोपऱ्यांपासून रात्रपाळीच्या चहापर्यंत. त्या सिस्टर म्हणाल्या, "आम्हाला शिकवलं होतं, पेशंटची पैशाची चौकशी काउंटरवाला करील, तू आधी त्याचे पाय धू." मग थोडा वेळ गप्प राहून म्हणाल्या, "आता काउंटरच आधी लागतो. सगळीकडेच."

मिशन रुग्णालयांची आजची स्थिती देशभर बिकट आहे. परदेशी मदत आटली, यंत्रं महागली, डॉक्टरांना खाजगीत अनेक पट मिळतं, आणि कमी दरात उपचार करायचा तर तूट कोण भरणार? काही बंद पडली, काही कशीबशी चालतात. मला वाटतं, ज्या शहरांना या रुग्णालयांनी मोठं केलं त्या शहरांनी आता हात दिला पाहिजे. वर्गणी काढून गणपती बसवणारी, वाचनालयं चालवणारी आपली गावं आहेत. एखाद्या रुग्णालयाचा गरीब-रुग्ण निधी ती सहज उभा करू शकतील, धर्म न पाहता. मिरजेला हे अवघड जाऊ नये. मीरासाहेबांच्या दर्ग्यात अब्दुल करीम खाँसाहेबांच्या स्मरणार्थ उरूसात रात्र-रात्र गाणं होतं, तेव्हा ऐकणारा कोणत्या धर्माचा हे कुणी विचारत नाही.

दुपारी दर्ग्यात गेलो, मग सतारमेकर गल्लीत. भोपळे वाळत घातलेले, आत कुणीतरी तारा जुळवत होतं. संध्याकाळी भडंगाच्या पुड्या आणि बेदाणे घेतले.

*मदत करायची असेल तर :* जुने कपडे घेऊन जाऊ नका, सगळ्या संस्थांकडे त्यांचे ढीग असतात. आधी फोन करून काय लागतं ते विचारा. आम्ही गेलो तिथे बहुतेक ठिकाणी उत्तर सारखंच आलं : मुलींच्या पुढच्या शिक्षणाची फी आणि रुग्णांच्या औषधांचा खर्च. पावती मागा, ती आनंदाने देतात. पैशाइतकीच वेळेची गरज असते. निवृत्त शिक्षक, परिचारिका, हिशेबनीस यांनी आठवड्यातला एक दिवस दिला तरी संस्थेला मोठा आधार होतो.

वेंगुर्ला या खेपेला राहिलं. तिथे सेंट ल्यूक्स रुग्णालय आहे, मिशनच्याच डॉक्टर गोहीन यांनी वाढवलेलं. त्यांचा वेंगुर्ल्यात जन्मलेला मुलगा रॉबर्ट पुढे प्रिन्स्टन विद्यापीठाचा अध्यक्ष झाला आणि नंतर अमेरिकेचा राजदूत म्हणून दिल्लीला आला. वन्संनी परतीच्या गाडीतच सावंतवाडीच्या रेल्वेची वेळापत्रकं काढली. मिरजेच्या त्या सिस्टरही आमच्याबरोबर येणार म्हणतात. त्यांची एक मैत्रीण तिथे नोकरीला होती.